पाचव्या रिळातलं पाणी

आमच्या कंपनीच्या आवारात एक न्यायालय होतं. त्याला समोरून सहा खांब होते, संगमरवरी दिसणाऱ्या पायऱ्या होत्या आणि मागची भिंत नव्हती. छपरही नव्हतं, कारण त्या काळी चित्रपट उन्हाच्या उजेडातच काढावे लागत, आणि लॉस एंजेलिसजवळच्या आमच्या खोऱ्यात ऊन फुकट मिळत असे. न्यायालयाखेरीज आमच्याकडे एक बँक, एक चर्च आणि एक तुरुंग होता. सगळं समोरून भक्कम होतं. मी या कंपनीत पडद्यावरच्या पाट्या लिहीत असे. चित्रपट मुके असल्यामुळे कोण काय बोललं हे ठरवण्याचा अधिकार माझ्याकडे होता, आणि तो मी अत्यंत जबाबदारीनं वापरला.

न्यायाधीशाचं काम लेम्युएल क्रॅब करायचे. पूर्वी ते दारोदार दंतमंजन विकत. पण त्यांचे पांढरे कल्ले इतके न्यायी होते की दिग्दर्शक क्लॅरेन्स पोप यांनी बघताक्षणी त्यांच्या अंगावर काळा झगा चढवला. तेव्हापासून कंपनीच्या प्रत्येक चित्रपटात गुन्हेगाराला शिक्षा क्रॅबच देत असत.

एका ढगाळ सकाळी ऑर्फा टटल नावाच्या विधवा बाई खेचराच्या गाडीतून आवारात शिरल्या आणि थेट पायऱ्या चढून क्रॅबसमोर उभ्या राहिल्या. खोऱ्याच्या वरच्या अंगाला त्यांची लिंबाची बाग होती. नवऱ्यानं लावलेली ती बाग, एवढंच काय ते त्यांचं या जगात होतं. बागेला पाणी यायचं डोंगरातून येणाऱ्या पाटाचं, आणि पाटाच्या दाराला बॅस्कम नावाच्या शेजाऱ्यानं कुलूप ठोकलं होतं. जिल्ह्याच्या खऱ्या कोर्टात टटलकाकू वर्षभर खेटे घालत होत्या. तिथे कधी साहेब जागेवर नसत, कधी नकाशाची प्रत कमी पडे, आणि दोन्ही जुळून आलं की शिक्का सापडत नसे. शेवटी एका कारकुनानं त्यांना 'नव्या इमारतीत विचारा' असं सांगून कटवलं. खोऱ्यातली सगळ्यात नवी इमारत आमची होती.

ढगांमुळे काम बंद असल्यानं क्रॅब खुर्चीत बसून सँडविच खात होते.

"अगंबाई! साहेब चक्क जागेवर आहेत!" काकू दचकल्याच.

"बोला काकू, काय म्हणणं आहे?"

"म्हणणं कसलं डोंबलाचं! पाणी दोघांचं आणि कुलूप एकट्याचं. झाडांनी माना टाकायला सुरुवात केलीय माझ्या. नकाशाच्या तीन प्रती आणल्यात, शिक्क्याला जागा सोडून."

"नकाशा राहू द्या. कुलूप काढायला सांगतो."

काकूंनी उलगडायला घेतलेला नकाशा परत गुंडाळला. "एवढंच?" त्यांनी विचारलं.

"आणखी काही हवंय का?"

शेरीफचं काम करणारा गडी आणि त्याचे घोडेस्वारही रिकामेच होते. फौजदारकीचे पत्र्याचे तारे छातीवर लावून ते निघाले. त्यांना येताना पाहूनच बॅस्कमनं किल्ली पुढे केली. दुपारी काकूंच्या बागेत पाणी खळखळलं आणि त्या पाटाच्या काठी बसून मनसोक्त रडल्या.

नंतर मी क्रॅबना म्हटलं, "अहो, तुम्ही खरे न्यायाधीश नाही." ते म्हणाले, "ठाऊक आहे. पण तिच्या बोलण्यात न पटण्यासारखं काही होतं का?" कायद्याचं शिक्षण नसलेला माणूस असाच बोलणार.

बातमी फुटायला वेळ लागला नाही. पुढच्या ढगाळ दिवशी पायऱ्यांपासून फाटकापर्यंत माणसं उभी होती. कुणाची गाय, कुणाचं कुंपण, कुणाची पळून गेलेली बायको. खऱ्या कोर्टाच्या व्हरांड्यात शुकशुकाट पडला, म्हणून तिथल्या कारकुनांनी कामाचा ताण वाढल्याची तक्रार केली.

दिग्दर्शक पोप यांनी ती रांग पाहिली आणि त्यांचे डोळे पाणावले. "एवढी गर्दी! आणि फुकट!" मालक ऑगस्टस वेंडल यांनी तर तिथल्या तिथे निर्णय घेतला. विधवेला मिळालेल्या न्यायावर पाच रिळांचा भव्य चित्रपट निघणार होता. काकूंना सन्मानानं बोलावण्यात आलं.

"एकच अडचण आहे, काकू," पोप म्हणाले. "तुम्हाला न्याय फार लवकर मिळाला."

"म्हणजे?"

"पहिल्याच रिळात पाणी आलं तर उरलेली चार रिळं लोकांनी काय बघायचं? ते कुलूप आपण परत लावू या. तात्पुरतं."

"अहो, पण पाणी आलंय की माझ्या बागेत!"

"आलं असेल. कॅमेऱ्यानं कुठे पाहिलंय?"

कुलूप लागलं. ते लावण्यासाठी बॅस्कमलाच बोलावलं, कारण कामाचा अनुभव त्यालाच होता. पण तो दिसायला फारच सज्जन निघाला, त्यामुळे खलनायक म्हणून मिशांचे आकडे वळवणारा एक नट घेतला आणि बॅस्कमला कुलूपविषयक सल्लागार नेमलं. काकूंची भूमिका काकूंना द्यावी, असं मीच सुचवलं होतं. चाचणीही झाली. त्या पुरेशा विधवा वाटत नाहीत असा निकाल लागला. मग एकोणीस वर्षांची, सोनेरी कुरळ्या केसांची मुलगी विधवा झाली आणि तिला रडायला सोपं जावं म्हणून एक फिडलवाला बाजूला बसवला.

काकू रोज यायच्या आणि दोरीच्या पलीकडे उभ्या राहायच्या. एकदा त्यांनी क्रॅबना गाठलंच.

"साहेब, सांगा ना परत. एका शब्दाचं तर काम आहे."

क्रॅबनी मान खाली घातली. "काकू, त्या दिवशी ढग होते, मी रिकामा होतो. आता रोज ऊन पडतंय. उन्हात मला लिहून दिलेलंच बोलावं लागतं. माझा निकाल पाचव्या रिळात आहे."

"आणि आत्ता कितवं चाललंय?"

"दुसरं."

तिसऱ्या रिळाच्या वेळी झाडांची पानं पिवळी पडली. पोप बेहद्द खूश झाले. एवढा अस्सल पिवळेपणा रंगवून आला नसता, आणि चित्रपट काळापांढरा असला तरी कलाकाराला तो आतून जाणवतोच. चौथ्या रिळासाठी पानं गळायला हवी होती, म्हणून सगळ्या कंपनीनं हातातलं काम थांबवून ती गळण्याची वाट पाहिली. मी तेवढ्यात एक पाटी लिहून काढली: 'आशा मात्र अजून हिरवी होती.' वेंडलसाहेबांनी माझी पाठ थोपटली.

अखेर पाचवं रीळ उजाडलं. क्रॅबनी निकाल दिला. कुलूप काढायचं, पाणी खळाळायचं, हिरव्यागार झाडांखाली विधवेनं हसायचं, असं ठरलं होतं. पण काकूंच्या बागेत हिरवं असं काही उरलंच नव्हतं. सगळे डोक्याला हात लावून बसले. तेव्हा सल्लागार बॅस्कम खाकरला. त्याची बाग छान तरारलेली होती, कारण पाटाचं सगळं पाणी गेले कित्येक महिने तिथेच जात होतं. मग शेवटचं दृश्य बॅस्कमच्या बागेत झालं. त्यासाठी त्याच्या पाण्यात वाढही करण्यात आली. काकूंकडचं कुलूप तसंच राहिलं.

चित्रपट तुफान चालला. लोक रुमाल भिजवून बाहेर पडत. तिकडे काकू वाळक्या काटक्या गाडीत भरून जिल्ह्याच्या खऱ्या कोर्टात गेल्या. त्या दिवशी साहेब जागेवर होते, प्रती पुऱ्या होत्या आणि शिक्काही सापडला. कारकुनानं अर्ज वाचला आणि भुवया उंचावल्या.

"बाई, तुम्हाला तर पाणी मिळालंय."

"नाही हो मिळालं! ही बघा माझी झाडं."

"असं कसं? मी स्वतः पाहिलंय, बायकोला घेऊन. अख्ख्या जिल्ह्यानं पाहिलंय. एवढे साक्षीदार तर खुनाच्या खटल्यातही नसतात!" असं म्हणून त्यानं अर्जावर 'निकाली' असा शिक्का मारला.

त्याच संध्याकाळी काकू थिएटरात आल्या. मी माझ्या पाट्या बघायला मागच्या रांगेत बसलो होतो. पडद्यावर पाणी खळाळलं, पडद्यापुढे बसलेल्या वादकाची फिडल टिपेला गेली आणि अंधारात काकू उभ्या राहिल्या.

"ही माझी बाग नाही! ही बॅस्कमची आहे! माझी वाळली हो सगळी!"

"बसा खाली!" चारी बाजूंनी ओरडा झाला. शेजारची बाई डोळे पुसता पुसता म्हणाली, "काय एकेक बाया असतात! दुसरीला न्याय मिळालेला बघवत नाही मेल्यांना." दोघा दारवानांनी काकूंना दंडाला धरून बाहेर नेलं. टाळ्या पडत होत्या. मला मात्र त्या दिवशी टाळी वाजवता आली नाही. फार वाईट वाटलं.

तुम्हालाही वाटलं असेल. इथवर वाचलंत म्हणजे तुम्ही काळजाची माणसं आहात, आणि तुम्हाला असं सोडणं आमच्या धंद्यात बसत नाही. तेव्हा शेवट बदलून देतो. पुढच्या वसंतात कुलूप निघालं, पाटाला पाणी आलं, आणि काकूंच्या बागेत झाडं वाकतील एवढी लिंबं लागली.

बरं वाटलं ना? मग काकूंचा अर्ज तुमच्याकडूनही निकाली निघाला.