सलिलच्या फोटोला हार

चेतनचा चित्रपट अर्धा झाला आणि नायक अमेरिकेला गेला. सलिल सॉफ्टवेअरमधला. कंपनीने पाठवलं, हा निघाला. जाताना कर्वेनगरच्या आपल्या फ्लॅटची किल्ली शूटिंगसाठी देऊन गेला, एवढीच काय ती मेहेरबानी. चेतनने तीन वर्षं या चित्रपटावर घासली होती. लेखकही तोच, दिग्दर्शकही तोच. त्यामुळे ओरडायचं तरी कोणावर? शेवटी त्याने नायकाला मारून टाकलं.

रविवारी त्याच फ्लॅटमध्ये सलिलच्या फोटोला हार घातला, उदबत्ती लावली. नायकाची आई झालेल्या ललिताबाई फोटोखाली बसल्या. चेतनची बहीण आम्रपाली कॅमेऱ्यामागे उभी राहिली. हे शेवटचं रीळ. ते फुकट गेलं की चित्रपटही गेला.

उकडत होतं म्हणून दार उघडंच होतं. समोरचे भागवतकाका दूध घेऊन चालले होते. त्यांनी फोटो पाहिला, चपला काढल्या आणि गुपचूप आत येऊन बसले. मागोमाग वरच्या वल्लरीवहिनी आल्या, मग अख्खा मजला. अशा वेळी कोणी काही विचारत नाही.

"माझी गॅसची टाकी उचलून आणायचा हो," काका पुटपुटले.

"पण हा कॅमेरा कशाला?" वहिनींनी डोळे पुसत विचारलं.

"अमेरिकेतल्या नातेवाइकांना पाठवायला. हल्ली याचंही शूटिंग करतात," काकांनीच सांगून टाकलं.

"दादा, यांना खरंच वाटतंय रे!" आम्रपाली कुजबुजली.

"चालू ठेव! तीन वर्षांत एकाने तरी असं काम केलंय का?"

ललिताबाई संवाद विसरल्या आणि वहिनींच्या गळ्यात पडून हमसाहमशी रडल्या. चेतनचा जीव सुपाएवढा झाला. आपण दिग्दर्शक आहोत, असं त्याला पहिल्यांदाच वाटलं.

तेवढ्यात दारात बॅग आपटली. "काय रे, माझ्या घरात कोण गेलं?"

सलिल! वहिनी किंचाळल्या, सगळे उठून पळाले आणि त्या चेंगराचेंगरीत कॅमेरा आडवा झाला. झाकण उघडलं, रिळात उजेड शिरला. होतं नव्हतं ते सगळं गेलं.

"प्रोजेक्ट बंद पडलं रे, परत पाठवलं," सलिल म्हणाला. "आता मोकळाच आहे. माझं काम शिल्लक आहे ना?"

पळालेले शेजारी एकेक करून दाराशी परतले. चेतन भिंतीला टेकून खाली बसला. "काका, मघासारखं पुन्हा एकदा बसाल?"

"आता कसं जमणार? जिवंत आहे तो."

हे ऐकून चेतन लहान मुलासारखा रडायला लागला. भागवतकाका चपला काढून आत शिरले. मग त्याच्या शेजारी येऊन टेकले. वहिनी बसल्या, मजला बसला, सलिलसुद्धा मान खाली घालून बसला. कोणी काही विचारलं नाही.

आम्रपालीने सवयीने रिकाम्या कॅमेऱ्याला डोळा लावला.

"दादा," ती हळूच म्हणाली, "मघापेक्षा छान दिसतंय रे."