व्हल्गर शब्दाचं मूळ गाव

बिराजदार सरांना कुणी शिवी दिली तर ते चिडत नाहीत, शिवीचं मूळ गाव सांगतात. एकदा नव्या पेठेत एका रिक्षावाल्यानं त्यांच्या सायकलला कट मारला आणि वर एक इंग्रजी शब्द हासडला. सरांनी सायकल स्टँडला लावली आणि तो शब्द कुठल्या देशातून कसा आला, ते भर रस्त्यात समजावलं. मागं हॉर्न वाजत होते. शेवटी रिक्षावाला हात जोडून म्हणाला, "चुकलं सर. पुढच्या टायमाला मराठीतच देतो की."

सर माझे शेजारी. आयुष्यभर इंग्रजी शिकवून निवृत्त झाले. सोलापुरी चादरीच्या तुकड्यात बांधलेला जाडजूड शब्दकोश घेऊन ते दूध आणायलाही जातात. "शब्दाला नावं ठेवण्याआधी त्याची आई कोण ते विचारा," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. गल्ली त्यांना टरकून असते, आणि मीही.

या शास्त्राचा उपयोग काय, असं मी त्यांना बरेचदा चिडवलं आहे. उत्तर मिळालं ते गंगव्वांच्या नातीच्या लग्नात.

गंगव्वा आमच्या समोरच राहतात. लग्नात पंगत बसली की बायका विहिणीवर चावट गाणी रचून म्हणतात, आणि त्यात गंगव्वांचा हात धरणारं कुणी नाही. पण नवरा मुलगा पुण्यात नोकरीला. त्याच्या मामांनी फोन करून बजावलं, असली व्हल्गर गाणी नकोत. गंगव्वांनी आपल्या मुलाला अर्थ विचारला. तो बिचारा चाचरत "घाणेरडी" म्हणाला. झालं, म्हातारीनं लग्नाचं नावच टाकलं.

"मी न्हाय येत. घाण बाई म्हनून घिऊन पंगतीत कशाला बसू?"

नात रडली, तरी त्या ढिम्म हलल्या नाहीत. मग सर त्यांच्या उंबऱ्याशी जाऊन एवढंच म्हणाले, "तुम्ही या. मामांचं मी बघतो."

पंगतीत ते बरोबर मामांच्या शेजारी बसले. मला वाटलं, आता भात गार होणार. पण सरांनी चादरीची गाठ सोडलीसुद्धा नाही. तोंडपाठ सांगितलं, की हा शब्द मूळचा लॅटिन, अर्थ एवढाच की साध्या माणसांचं. त्यांची बोली, त्यांची रीत. पुढं बड्या लोकांना साध्या माणसांची लाज वाटू लागली, तसा शब्द नासला.

"तेव्हा मामासाहेब, गाणी व्हल्गर आहेतच. तुमच्या-माझ्या आयांची आहेत."

मामा ताटातल्या मिठाकडे बघत बसले. पलीकडे नवरदेवाची आई, मूळची बार्शीची, तोंडाला पदर लावून हसत होती. ती म्हणाली, "म्हना वो गंगव्वा. माज्या लग्नात तर लई वंगाळ म्हनली हुती."

गंगव्वांनी खाकरून सूर लावला:

विहीण आली नटून-थटून, बसली वाजंत्र्यांत,
व्याही शोधून दमला बाई सगळ्या मांडवात.

विहीणबाईंनी तिथल्या तिथं उलटं गाणं टाकलं. मग दोन्हीकडच्या बायका सरसावल्या. वाढपी हातात बादल्या घेऊन तसेच उभे राहिले. शेवटी मामासुद्धा मांडीवर ठेका धरत होते. असला विजय मी उभ्या जन्मात पाहिला नव्हता.

हात धुताना मी सरांना विचारलं, शब्दकोश न उघडता हा शब्द एवढा पाठ कसा? सर कधी नव्हे ते अडखळले.

"माझ्या लग्नात आईनं असंच गाणं सुरू केलं होतं. मी नुकताच इंग्रजीचा मास्तर झालेलो. सगळ्यांसमोर तिला हा शब्द म्हणालो. तिला इंग्रजी कुठलं कळतंय? पण माझं तोंड बघून ती गप्प बसली. पुन्हा कुठल्याच लग्नात गायली नाही. ती गेल्यावर मी त्याचं मूळ शोधलं."

मला फार वाईट वाटलं. मागं गंगव्वा उभ्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. त्यांनी सरांच्या बायकोला हाक मारली.

"मास्तरीणबाई, तुमच्या आईचं नाव काय वो?"

"मल्लव्वा. का?"

"मास्तरांच्या आईनं मल्लव्वांवर म्हनायचं राहिलंय. मी म्हनते."

आणि तिथंच, ओल्या फरशीवर उभ्या राहून, गंगव्वा पन्नास वर्षांपूर्वीच्या विहिणीवर गायल्या. सर लहान मुलासारखे रडत होते. मास्तरीणबाई हसून हसून म्हणत होत्या, "अजून एक घ्या. आमची आई तशीच होती."