नलूताईंच्या हाँगकाँगच्या बायका

नलूताई सायकलला फिरायला नेतात. सायकलवर बसून जात नाहीत, सायकलला नेतात. डोक्यावर हेल्मेट चढवून, हँडल दोन्ही हातांनी घट्ट धरून, रस्त्याच्या अगदी कडेने त्या आणि सायकल अशा दोघी सुपरमार्केटपर्यंत चालत जातात आणि पिशव्या लटकवून चालत परत येतात. नेदरलँड्समधल्या बेस्ट या गावात येऊन त्यांना वीसेक वर्षं झाली, पण सीटवर त्या एकदाही बसलेल्या नाहीत.

"एकदा बसून तर बघा," मी शेजारधर्माने म्हटलं होतं.

"आणि काही झालं म्हणजे?"

"मग घेतलीत कशाला?"

"अगं, सायकल नसली की लोक बघतात इथे."

"आणि हेल्मेट?"

यावर त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "चालताना पडत नाही का माणूस, रेवा?"

"आणि काही झालं म्हणजे?" हे नलूताईंचं पालुपद. कुठलाही बेत सांगा, त्या आधी हे विचारतात. आपण समुद्रावर जाऊ म्हटलं, काही झालं म्हणजे? केक आणला, त्यात काही असलं म्हणजे? त्यांच्या घराची एक किल्ली माझ्याकडे असते. दुसरीही माझ्याकडेच असते, कारण पहिली माझ्याकडून हरवली म्हणजे? वादळाचा पिवळा इशारा आला की त्या बाहेरच्या कुंड्या घरात घेतात. नारिंगी आला की मलाही घरात घेतात. माझ्या नवऱ्याला तोवर ऑफिसातून यायला उशीर झालेला असतो, आणि मग नलूताई खिडकीपाशी उभ्या राहून पडलेल्या झाडांच्या बातम्या मला मोठ्याने वाचून दाखवतात. भीती अशी शेजाऱ्याकडून शेजाऱ्याकडे पसरते. लग्नाआधी पुण्यात टू-व्हीलर दामटणारी मी, आता वाऱ्याची शीळ ऐकू आली की खिडक्या लावत सुटते.

आजारपणाचं तर विचारू नका. इथले फॅमिली डॉक्टर काहीही झालं तरी पॅरासिटामॉल घ्या आणि आठवड्याने फोन करा म्हणतात. आम्ही बाकीचे यावर विनोद करतो. नलूताई करत नाहीत. "आठवड्याने फोन करायला मी असले तर करीन ना," असं त्या गंभीरपणे म्हणतात, आणि हसावं की नाही हे आपल्याला कळत नाही.

आता अशा बाईचा पीएच.डी.चा विषय काय असावा? बुरशी, नाहीतर विम्याचे प्रकार. पण नलूताईंचा विषय होता इंग्रजांच्या काळातल्या हाँगकाँगमधल्या बायका. त्यातही लग्न न करण्याची शपथ घेतलेल्या बायका. त्यांना त्या "माझ्या बायका" म्हणतात, आणि इतक्या सहजपणे म्हणतात की नव्या माणसाला वाटावं, यांचा भिशीचा ग्रुप आहे.

दक्षिण चीनमध्ये मुलीचं लग्न लागताना तिचे वेणीतले केस वर बांधायचे. नलूताईंच्या बायकांनी काय केलं, तर ते केस स्वतःच वर बांधून घेतले. देवीसमोर चार जणींच्या साक्षीने शपथ घ्यायची, की आता नवरा नाही. मग कुणाचीही बिशाद नव्हती त्यांना उजवून टाकायची. रेशमाच्या गिरण्यांत कमावत होत्या, गिरण्या बंद पडल्यावर हाँगकाँगला आल्या आणि साहेबांच्या नाहीतर श्रीमंत चिन्यांच्या घरी कामाला राहिल्या. पांढरा सदरा, काळी विजार, मागे अंबाडा. दुसऱ्यांची मुलं वाढवायची, घरी पैसे पाठवायचे, भावांची लग्नं लावून द्यायची आणि स्वतः कुणाच्या दाराशी जायचं नाही.

हे सगळं वाचायला नलूताई तिकडची भाषा, कँटोनीज, शिकल्या. होय, सायकल येत नाही, पण कँटोनीज येतं. नवऱ्याच्या, माधवरावांच्या, मागोमाग डिपेंडंट व्हिसावर आलेल्या, पुण्यात बँकेत कॅशियर असलेल्या बाईने पन्नाशीच्या आसपास युट्रेख्टच्या विद्यापीठात इतिहासाची पदवी घ्यायला सुरुवात केली. ट्रेनमध्ये दाराजवळच्या दांड्याला दोन्ही हातांनी धरून त्या जायच्या. मध्येच माधवराव हृदयविकाराने गेले. सकाळी ऑफिसला गेले आणि आलेच नाहीत. आम्हाला वाटलं, आता हे थांबेल, नलूताई पुण्याला जातील. पण त्या थांबल्या नाहीत. घरात एकट्या बसून त्या माझ्या बायका, माझ्या बायका करत राहिल्या. वेळ जायला काहीतरी हवं, अशी मी स्वतःची समजूत घातली.

"पण नलूताई, हाच विषय का?" मी विचारायची.

"सहज गं," त्या म्हणायच्या आणि चहा ठेवायला उठायच्या.

प्रबंध पुरा झाला तेव्हा खरी घाबरगुंडी उडाली. कारण इथे पीएच.डी. नुसती पोस्टाने येत नाही. भरल्या सभागृहात, झगे घातलेल्या प्राध्यापकांसमोर उभं राहून प्रबंधाचा बचाव करावा लागतो. प्रश्न विचारणाऱ्याला दर वेळी "अतिविद्वान प्रतिपक्षी" अशा अर्थाचं काहीतरी म्हणून मग उत्तर द्यायचं. आणि उमेदवाराच्या दोन्ही बाजूंना दोन माणसं उभी करायची, त्यांना म्हणतात पारानिम्फ. म्हणजे आपल्याकडच्या करवल्या. पूर्वी वाद फारच पेटला तर उमेदवाराला वाचवायला असायच्या म्हणे.

"वाचवायला म्हणजे?" मी विचारलं, कारण एक करवली मी होते.

"म्हणजे काही झालं तर," नलूताई म्हणाल्या, आणि माझ्या तोंडचं पाणी पळालं.

दुसरी करवली होती मुक्ता. नलूताईंची मुलगी, आर्नहेमला एका वीज कंपनीत इंजिनिअर आहे. लहानपणापासून इथे वाढलेली, मराठी सगळं कळतं, उत्तर डचमध्ये नाहीतर इंग्रजीत. मुक्ताने लग्न करणार नाही म्हणून सांगून टाकल्यापासून मायलेकींचं बिनसलं होतं. नलूताईंनी तिला न विचारता पुण्यातली स्थळं आणली होती, एक मुलगा तर थेट स्किफोल विमानतळावर येऊन ठेपला होता. मुक्ताने त्याला कॉफी पाजली, आर्नहेमची ट्रेन पकडली आणि त्यानंतर ती बेस्टला राहायला म्हणून आली नाही. फोनवर दोघी हवामानाबद्दल बोलायच्या. आर्नहेमला पाऊस आहे, बेस्टला नाही, एवढ्यावर फोन संपायचा.

"येईन म्हणालीय," नलूताई मला सांगत होत्या. "पण नाही आली म्हणजे? रेवा, पदवीचं जाऊ दे. नापास करू देत मला. पण माझ्या शेजारी ती उभी राहिली पाहिजे. एकदा तरी." हे बोलताना त्यांनी माझा अर्धा भरलेला कप उचलून विसळायला नेला.

त्या दिवशी आम्ही युट्रेख्टला वेळेच्या खूपच आधी पोचलो, कारण ट्रेन बंद पडली म्हणजे? आम्हाला एका छोट्या खोलीत बसवलं. लाकडी भिंती, जुन्या प्राध्यापकांची तैलचित्रं, सगळे आमच्याकडे रोखून पाहत होते. नलूताईंनी पैठणी नेसली होती आणि हातात गरम कोट, कारण सभागृहात गारठलं म्हणजे? माझ्या निऱ्यांना लावलेल्या चार पिना मला टोचत होत्या. मुक्ताचा पत्ता नव्हता. नलूताई दर दोन मिनिटांनी दाराकडे बघत होत्या आणि मी त्यांना पाणी पाजत होते.

दार उघडलं. मुक्ता आली होती. काळा सूट, केस वाऱ्याने विस्कटलेले. "Trein," म्हणजे ट्रेनला उशीर झाला, एवढंच ती म्हणाली आणि आईच्या डाव्या बाजूला जाऊन उभी राहिली. दोघींमध्ये एक माणूस मावेल एवढी जागा होती, पण उभी राहिली. नलूताईंच्या डोळ्यांत पाणी आलं आणि नेमकी तेव्हाच पेडल आत आली.

पेडल म्हणजे या समारंभाची भालदार-चोपदार. पायघोळ काळा झगा, हातात चांदीच्या मुठीची उंच काठी, काठीला घुंगरं. सहा फूट उंच, पांढऱ्या केसांची बाई. एवढा थाट विद्यापीठात दुसऱ्या कुणाचा नसतो. नलूताईंनी क्षणभर तिच्याकडे पाहिलं, ही सगळ्यात मोठी, असं ठरवलं आणि सरळ वाकून तिच्या पायांना हात लावला.

पेडलला वाटलं, उमेदवार कोसळली. तीही "Mevrouw! Mevrouw!" म्हणजे बाई, बाई करत खाली वाकली. दोघींची डोकी आपटली, घुंगरं खणखणली. आणि मी? आपल्याकडे एकीने वाकलं की मागची आपोआप वाकते. नलूताई उठायच्या आत मीही वाकले होते. "Oh my God, Aai," मुक्ता भिंतीकडे तोंड करून म्हणाली, पण तिचे खांदे हलत होते.

"मी फक्त दार उघडते आणि वेळ झाली की सांगते," पेडल कपाळ चोळत इंग्रजीत म्हणाली. मग तिने नलूताईंचा पदर नीट केला आणि आम्हाला सभागृहात नेलं.

आत गेल्यावर मात्र माझं हसू पार विझलं. समोर झगेवाल्यांची रांग, मागे माणसं, त्यांत आमच्या बेस्टच्या चार-सहा मराठी घरातली मंडळी, आणि उंच मंचावर नलूताई एवढ्याशा. सुरुवातीचे प्रश्न त्यांनी पार पाडले. पगार, कायदे, मालक-नोकर. आवाज कापत होता पण उत्तरं येत होती. मग शेवटच्या खुर्चीतले एक वयस्क प्राध्यापक उभे राहिले. चष्मा कपाळावर चढवून म्हणाले, "तुमच्या प्रबंधात या बायकांच्या आयुष्याबद्दल सगळं आहे. पण सगळ्यात मोठं प्रकरण त्यांच्या मरणाबद्दल आहे. असं का?"

नलूताईंनी समोरचा प्रबंध उघडला आणि मिटला. पारानिम्फने वाचवायचं ते हेच का, आणि वाचवायचं तर कसं, मला काही सुचेना. मुक्ता आईकडे बघत होती.

"अतिविद्वान प्रतिपक्षी," नलूताई म्हणाल्या. मग म्हणाल्या, "कारण मला तेवढंच शोधायचं होतं."

प्राध्यापकांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर ओढला.

"माझ्या मुलीने मला सांगितलं की ती लग्न करणार नाही. मी भांडले. मला दुसरं काही येत नव्हतं. पण मला रोज एकच भीती वाटायची, की मी गेल्यावर ही आजारी पडली तर दार कोण उघडेल. आमच्या घरात बिनलग्नाची एकच बाई मी पाहिली होती, माझी आत्या. ती भावाच्या स्वयंपाकघरात जगली आणि तिथेच गेली, आणि ती गेली हे दुपारच्या जेवणापर्यंत कुणाला कळलं नाही. मला अशा बायका हव्या होत्या, ज्यांनी हे स्वतः ठरवलं आणि ज्या खूप जणी होत्या. त्यांना विचारायचं होतं, शेवटी तुमच्याजवळ कोण होतं?"

"मग उत्तर मिळालं?" प्राध्यापकांनी हळूच विचारलं.

"मिळालं. मुलगी शपथ घेतल्यावर माहेरीसुद्धा मरू शकत नसे, तो अपशकुन. म्हणून त्यांनी मिळून खोल्या घेतल्या. एक आजारी पडली की दुसरी कामावरून रजा घ्यायची. पेज भरवायची, केस विंचरायची. त्या एकट्या नव्हत्या. मी खूप तपासलं. खरंच नव्हत्या."

काठी जमिनीवर आपटली, घुंगरं वाजली. "Hora est," पेडल म्हणाली. म्हणजे वेळ संपली.

समिती निकालाला आत गेली आणि आम्ही तिघी पुन्हा त्या छोट्या खोलीत आलो. नलूताई खुर्चीवर बसल्या. कोट घालायचाही त्यांना विसर पडला होता. मुक्ता उभी होती. मला तिथून निघून जावंसं वाटत होतं, पण दार मुक्ताच्या मागे होतं.

"आई," मुक्ता म्हणाली. ती मराठीत बोलत होती, एकेक शब्द निवडून. "मला माझी भीती नाही वाटत. माझ्या मैत्रिणी आहेत. त्यांच्याकडे माझी किल्ली आहे."

"हो का?" नलूताई पुटपुटल्या.

"मला तुझी वाटते. मी रोज ऑफिसला पोचले की आधी फोन बघते. तू सकाळी ऑनलाइन होतीस का. नसलीस तर मला काम नाही सुचत." ती एक पाऊल पुढे आली. "लग्न तर तू केलं होतंस ना? मग घरात एकटी कोण आहे?"

इतक्या वर्षांत मी, शेजारी राहून, दोन किल्ल्या जवळ बाळगून, हा प्रश्न कधी विचारला नव्हता. नलूताई लहान मुलीसारख्या रडायला लागल्या. मुक्ता त्यांच्यासमोर जमिनीवर बसली आणि तिने त्यांचे दोन्ही हात धरले.

दार उघडलं. पेडल काठी घेऊन उभी होती. निकाल तयार होता, सगळे झगेवाले सभागृहात उभे राहून वाट बघत होते. मी घाईघाईने नलूताईंचा पदर सारखा करायला गेले. आयुष्यभर वाऱ्याला, सायकलला, केकला घाबरलेल्या त्या बाईने मान वर केली आणि त्या उंच बाईला मराठीतच सांगितलं, "त्यांना म्हणावं, थांबा जरा."

पेडलला मराठीचं एक अक्षर कळत नाही. तिने दार अलगद ओढून घेतलं आणि बाहेर उभी राहिली.