हडळ मॅडमचा जाहीर सत्कार

चिखलीच्या महामायाताईंनी आमच्या सत्कार समितीकडे एका दिवसापुरतं सभागृह मागितलं. मागणी अगदी साधी होती, त्यामुळे समितीला ती फार गंभीरपणे घ्यावी लागली.

महामायाताई म्हणजे भयपटांतली हडळ. उमेदीची वर्षं त्यांनी चिंचेला उलटं लटकण्यात काढली. इथल्या थेटरात त्यांच्या सिनेमांकडे कुत्रं फिरकलं नाही. परदेशात मात्र पोरंपोरी म्हणे त्यांच्यासारखे केस सोडून, मळवट भरून ते सिनेमे बघतात. हे पेपरात छापून आलं आणि आम्हाला त्यांचा पहिल्यापासून अभिमान वाटू लागला.

मधल्या काळात बाई चित्रंही काढत होत्या. ती त्यांना टांगायची होती.

"हडळीच्या पायी माही माय गावात तोंड लपवून राह्यली," त्या आमचे अध्यक्ष उत्तमराव यांना म्हणाल्या. "तिनं माहं एक चित्र पाह्यलं नाही. तिले चित्र दाखवाचे हायेत. बाकी मले काही नको."

"दाखवा ना," उत्तमराव म्हणाले. "पण सत्काराबिगर सभागृह देता येत नाही. तसा ठरावच हाये."

सत्कार म्हटला की पाहुणे आले, आणि पाहुणे म्हटले की फ्लेक्स. एकाचा फोटो घ्यावा तर दुसरा रुसतो, म्हणून सगळ्यांचे घेतले. मोताळ्याचे एक माजी उपसभापती तर बाईंपेक्षाही मोठे छापले, कारण ते लवकर रुसतात. एवढा फ्लेक्स मावेल अशी भिंत सभागृहात एकच, आणि तिच्यावर बाईंनी सकाळपासून खपून चित्रं टांगलेली.

"चित्र काहाले काढता? राहू द्या," मांडववाला गोकुळ म्हणाला. "फ्लेक्स वरून लावून देतो."

कलेला धक्का न लावण्याची समितीची परंपरा अशी राखली गेली.

कार्यक्रम झकास झाला. शाली इतक्या पडल्या की बाईंचं तोंड दिसेना. "या चित्रांमध्ये मी..." असं त्यांनी दोनदा सुरू केलं. दोन्ही वेळा उत्तमरावांनी माईक घेतला.

"मॅडम, ते राहू द्या. पयले एक किंकाळी होऊ द्या. डोणगावाहून लोकं त्याच्यासाठीच जीप करून आले हायेत."

बाईंनी मारली किंकाळी. इतकी खरी किंकाळी सिनेमातही नव्हती, असं सगळ्यांचं मत पडलं.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून त्यांची आई, कलाबाई उठल्या. आम्ही लगबगीनं नारळ पुढे केला.

"नारळ ठेवा बाप्पा तुमच्यापाशी," म्हातारी म्हणाली. "चित्र कुठी हायेत?"

उत्तमरावांनी भाषण थांबवलं नाही. महामायाताईंनी उपसभापतींच्या मिशीपाशी फ्लेक्सचा कोपरा उचलला आणि म्हातारी वाकून आत शिरली. मागोमाग लेक. बराच वेळ फ्लेक्स हलत होता. मध्येच म्हातारीचं रडणं ऐकू आलं, मग दोघींचं हसणं. आभार मानून झाले, चहा झाला, तरी त्या बाहेर आल्या नाहीत. उत्सवमूर्तीविना सामूहिक फोटो काढावा लागला, याची समितीनं खेदपूर्वक नोंद घेतली.

चित्रांत काय होतं, ते समितीला माहीत नाही. पण आमच्याकडे बोट दाखवू नका. तुम्ही किंकाळीपर्यंत आलात, मिशीपर्यंत आलात, थेट चहापर्यंत आलात; चित्रांत काय होतं हा प्रश्न तुम्हालाही आत्ताच पडला.