होलिस पेटीबोनची खरी सही

होलिस पेटीबोनने यंदा गॅरेजचं दार आतून लावून मतदान केलं. बायको स्वयंपाकघरात असताना नवऱ्याने गॅरेजमध्ये लपून करायच्या गोष्टी आमच्या गावात तशा पुष्कळ आहेत, पण त्यांत मतदान आजवर कोणी धरलं नव्हतं.

टॅमरॅक बेंडमध्ये मतदान केंद्र नाही. मतपत्रिका तीन आठवडे आधी टपालाने घरी येते. माणूस अंगावरच्या पायजम्यानिशी मत देतो, पाकीट चिकटवतो, पाकिटावर सही करतो आणि ग्रंथालयापुढच्या लोखंडी पेटीत टाकतो. पेटीबोनांकडे हे काम दर निवडणुकीला जेवणाच्या टेबलावर जोडीने चाले. होलिस पेनाने गोल काळे करी आणि उठे. पुढचं सगळं वर्ना बघे. एकूण संसारातही कामाची वाटणी साधारण अशीच होती.

यंदा मात्र मतपत्रिकेवर सातव्या क्रमांकाला गावाच्या हद्दीत हरणांना खाऊ घालण्यावर बंदी घालायचा ठराव होता. हरणं फार माजली होती हे खरंच. मागच्या वर्षी एका शिंगवाल्या नराने लुथरन चर्चच्या हॉलमध्ये शिरून सामुदायिक जेवणातलं हिरव्या जेलीचं सॅलड फस्त केलं. ते सॅलड दर वर्षी कोणीच खात नसे, त्यामुळे काही भाविकांना यात ईश्वरी संकेत दिसला. पण बाकीचे चिडले. बंदी समितीत सगळ्यात पुढे वर्ना होती. तिच्या डेलियाच्या फुलांना जत्रेत अकरा वर्षं पहिल्या बक्षिसाची निळी फीत मिळाली होती, आणि बाराव्या वर्षी जत्रेच्या आदल्या सकाळी बागेत नुसते देठ उरले.

ते खाणारी हरिणी मेबल. तिचा डावा कान फाटका होता आणि तिला बागेत यायची सवय होलिसने लावली होती. लाकडाच्या गिरणीतून निवृत्त झाल्यापासून सहा वर्षं तो रोज सकाळी सफरचंदांची बादली घेऊन मागच्या पायरीवर बसे. मेबल त्याच्या हातातून खाई आणि तो तिच्याशी बोले. गुडघ्याचं दुखणं, गिरणीतल्या मेलेल्या मित्रांच्या आठवणी, सगळं. वर्नाला यातलं बरंचसं खिडकीतून ऐकूनच ठाऊक होतं. बंदी आली तर या माणसाची सकाळच जाणार होती. म्हणून त्याने गॅरेज गाठलं, ठरावाविरुद्ध गोल काळा केला, आयुष्यात पहिल्यांदा पाकीट स्वतः चिकटवलं, त्यावर ठसठशीत सही ठोकली आणि पेटीत टाकून आला.

निवडणूक झाली. ठरावाच्या बाजूने तीनशे अठरा, विरुद्ध तीनशे सतरा, आणि सही जुळत नाही म्हणून बाजूला ठेवलेलं एक पाकीट. बरोबरी झाली की ठराव पडतो. अडकलेल्या पाकिटांवरची नावं काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, कचेरीत कोणालाही बघायला मिळतात, त्यामुळे होलिसला पत्र यायच्या आत सबंध गावाला कळलं. गावात मेबलला ओळखत नाही असा कोणी नव्हता, तेव्हा गुप्त मतदानातलं गुप्त तेवढं राहिलं नाही.

होलिसने तणतणत कचेरीत फोन लावला. वर्ना सिंकपाशी भांडी घासत होती.

"माझी सही माझ्यासारखी नाही म्हणता?"

"नोंदीतल्या सहीसारखी नाही, मिस्टर पेटीबोन," पलीकडच्या कारकूनबाई म्हणाल्या.

"मग नोंदीतली चुकली असेल."

"ती १९८६पासून प्रत्येक निवडणुकीत जुळली आहे. यंदा पहिल्यांदाच कोणीतरी तुमच्या नावाने सही केली."

"ते कोणीतरी म्हणजे मी."

"असं सगळेच म्हणतात," बाई म्हणाल्या, आणि त्यांनी उपाय सांगितले. एक, चालू ओळखपत्र घेऊन स्वतः कचेरीत यायचं आणि नवी सही नोंदवायची. दोन, पत्रासोबतच्या फॉर्मवर पुन्हा सही करून टपालाने धाडायची. ती जुन्या नोंदीशी जुळली की मत मोजलं जाईल. मुदत निवडणुकीपासून चौदा दिवस. नोंदीतली सही कशी दिसते ते फोनवर सांगता येणार नाही, कारण तसं सांगू लागलं तर उद्या कोणीही ती शिकेल.

होलिसने फोन ठेवला. वर्ना मघापासून एकच बशी घासत होती.

"वर्ना, सत्याऐंशी... नाही, शहाऐंशी साली तो नोंदणीचा फॉर्म कोणी भरला?"

"मी."

"आणि सही?"

"तू ट्रकखाली पडून तेल बदलत होतास. मी विचारलं, तर खालूनच म्हणालास, टाक काहीतरी." तिने बशी पुसली. "मी टाकली."

एवढ्यावर ते थांबलं नव्हतं. घराच्या कर्जावर, विम्यावर, ट्रकच्या कागदांवर, मुलीच्या शाळेच्या प्रगतिपुस्तकांवर आणि दर नाताळच्या शुभेच्छापत्रांवर त्याच हाताची सही होती. होलिस पेटीबोन नावाच्या ज्या गृहस्थाला सरकार ओळखत होतं, तो सबंध वर्नाने घडवला होता. खरा होलिस त्याला कधी भेटलाच नव्हता.

"मग आताही तूच टाक," होलिस म्हणाला.

"छे. खोटी सही करणं गुन्हा आहे. पाकिटाच्या मागेच छापलंय."

"चाळीस वर्षं नव्हता?"

"चाळीस वर्षं माझा चष्मा जुना होता."

राहता राहिला कचेरीत जायचा उपाय. कचेरी साठ मैलांवर, खिंडीपलीकडे. होलिसचा गाडीचा परवाना मार्चमध्येच संपला होता आणि डोळ्याच्या ऑपरेशननंतर नवा काढू म्हणता म्हणता नोव्हेंबर उजाडला होता. म्हणजे गाडी चालवता येत नव्हती, आणि कोणी नेलं असतं तरी दाखवायला चालू ओळखपत्र नव्हतं. तेव्हा दोन नंबरचा उपाय. नोंदीतली सही जगात दोघींनाच ठाऊक होती. एक ती कारकूनबाई, जिला सांगायची बंदी होती, आणि दुसरी वर्ना, जी हरणांच्या बंदीची चिटणीस होती.

दोन दिवस होलिस बोलला नाही. गाव मात्र बोलत होतं. बंदीवाले येऊन सफरचंदाचं सारण भरून भाजलेले 'पाय' ठेवून जात आणि या वयात मनाला त्रास करून घेऊ नये असं सुचवत. विरोधक अक्रोडासारख्या पेकनचे 'पाय' आणत आणि मनगटाला व्यायाम सुचवत. तिसऱ्या दिवशी बागकाम मंडळाची अध्यक्ष आयडा स्टाउट सफरचंदाचा 'पाय' घेऊन थेट वर्नाकडे आली. तिने सांगितलं की काहीच करायचं नाही, गप्प बसलं की आपण जिंकलोच. वर्नाने कॉफी दिली, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "आयडा, मला त्याला हरवायचंय. त्याचं अक्षर वाईट म्हणून तो हरला, असं मला आयुष्यभर ऐकून घ्यायचं नाही." आयडा आपला 'पाय' परत घेऊन गेली.

त्याच दुपारी जेवण आटोपल्यावर वर्नाने टेबलावर जुन्या पाकिटांची चवड ठेवली आणि त्याच्या हातात पेन दिलं. एका पाकिटाच्या पाठीवर तिने सही करून दाखवली. पहिल्या अक्षराला मोठी, सैल बांधलेल्या फितीसारखी गाठ. मग अक्षरांची संथ रांग. शेवटच्या अक्षराची शेपटी मागे वळून नावाखालून निघे आणि तिच्याखाली दोन ठिपके. सही देखणी होती. होलिसने आयुष्यात केलेल्या कुठल्याच कामात एवढी नजाकत नव्हती.

"एवढा जोर नको," ती म्हणे. "तू असा जोर लावत नाहीस."

"मी लावतोय की."

"सहीतला तू. तो घाईत नसतो. जेवायला हाक मारली की येतो."

तीन दुपारी ते असे बसले. तो तिच्या हातावरून नजर काढत नव्हता आणि ती त्याच्या. तिचा करंगळीजवळचा जुना भाजल्याचा डाग त्याला तेव्हा पहिल्यांदा दिसला, आणि तो केव्हा भाजला हे विचारायची त्याला लाज वाटली. तिसऱ्या दुपारी त्याची सही अशी उतरली की वर्नाने दोन कागद शेजारी ठेवले तर तिला स्वतःलाच फरक कळेना. तिने मान डोलावली. फॉर्मवर उद्या सकाळी ताज्या हाताने सही कर म्हणाली.

इथवर सगळं ठीक होतं. पण सकाळी होलिस कॉफी प्यायला नाक्यावरच्या उपाहारगृहात गेला आणि तिथे त्याला एलरॉय भेटला. एलरॉय गावातला उंटावरचा शहाणा. त्याच्या सल्ल्याने आजवर दोन घटस्फोट झाले होते आणि एक विहीर फसली होती.

"बंदीवाली बाई तुला बंदीविरुद्ध मत द्यायला शिकवते?" एलरॉय म्हणाला. "फुकट?"

"फुकट."

"दाखव बघू."

होलिसने टेबलावरच्या कागदी रुमालावर सही केली. एलरॉयने ती उलटसुलट करून बघितली.

"हे ठिपके कसले?"

"ती म्हणते, असतात."

"होलिस, तू गिरणीत तीस वर्षं लाकडं कापलीस. नावाखाली ठिपके देणारा माणूस गिरणीत पाहिलास कधी?"

होलिसने आठवून पाहिलं. नव्हता पाहिला. घरी येईपर्यंत त्याची खात्रीच पटली. वर्ना साधी बाई नव्हती. सही सगळी खरी शिकवायची आणि शेवटी दोन ठिपक्यांचं विष कालवायचं, म्हणजे शिकवल्याचं पुण्यही पदरात आणि डेलियाही शाबूत. तिच्या जागी आपण असतो तर हेच केलं असतं, असं त्याला वाटलं, आणि हाच त्याला सगळ्यात मोठा पुरावा वाटला. अति शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात ते असंच. त्याने फॉर्मवर गाठ मारली, अक्षरं मांडली, ठिपके गाळले, आणि हात सुटलाच होता म्हणून ती बायकी शेपटीही सरळ, मर्दानी करून टाकली. फॉर्म टपालवाल्या बाईच्या हातात दिला आणि घरभर शीळ घालत फिरला.

मुदत संपल्याच्या दुसऱ्या दिवशी कारकूनबाईंचा फोन आला. सही पुन्हा नाकारली होती. निकाल कायम, तीनशे अठरा विरुद्ध तीनशे सतरा.

"आता मुदत टळली, म्हणून विचारते," बाई म्हणाल्या. "ठिपके कुठे गेले, मिस्टर पेटीबोन? गेली सोळा वर्षं मी तुमचं पाकीट बघते. मला ते ठिपके आवडायचे."

होलिस फोन धरून उभा राहिला. वर्नाला न सांगताच कळलं. ती खुर्ची ओढून बसली.

"तू ते गाळलेस."

त्याने फोन जागेवर ठेवला.

"चाळीस वर्षांत मी तुझी एक सही चुकवली नाही, होलिस. एकही परत आली नाही. तू फक्त दोन केल्यास."

ती जिंकली होती, आणि तिच्या चेहऱ्यावर जिंकल्याचं काही नव्हतं. त्याला रडू आलं असतं, पण त्याने नाक शिंकरून वेळ मारून नेली.

एक डिसेंबरपासून बंदी लागू झाली. मेबल दोन-तीन सकाळी कुंपणाशी येऊन उभी राहिली आणि नंतर यायची थांबली. होलिस मात्र पहाटे सहाला उठायचा थांबला नाही. बादलीभर सफरचंदं होती, सवय होती, आणि समोर हक्काचं कोणी नव्हतं. मग तो सफरचंद चार फोडी करून वर्नापुढे ठेवू लागला आणि ती खाईपर्यंत समोर बसून बघू लागला. गुडघ्याचं सांगू लागला. गिरणीतल्या मेलेल्या मित्रांचं सांगू लागला. ती बटाटे सोलू लागली की मागे उभा राही. कपडे वाळत घालू लागली की मागोमाग जाई. एकदा बोलता बोलता त्याने तिचा कानही खाजवला.

अठरा दिवस वर्नाने सोसलं. एकोणिसाव्या दिवशी नगरपालिकेचं पत्र आलं. श्री. होलिस पेटीबोन यांचा 'हरीण गणना व बंदी पाहणी स्वयंसेवक' या पदासाठीचा अर्ज मंजूर झाला होता. रोज सकाळी गावभर फिरून हरणं मोजायची आणि कोणी त्यांना खाऊ घालत नाही ना ते बघायचं. सोबत नारिंगी जाकीट होतं, शिट्टी होती आणि अर्जाची नक्कल होती. नकलेवर शिक्का: सही नोंदीशी ताडून पाहिली, तंतोतंत जुळते.

होलिसने नक्कल खिडकीपाशी नेऊन पुन्हा पुन्हा पाहिली.

"वर्ना, बंदीच्या विरुद्ध मत देणारा मी. मीच ती राखायची?"

"हरणं कुठे असतात ते तुझ्याइतकं कोणाला ठाऊक आहे?"

"पण मेबल भेटली तर?"

"मोजायची. खायला घालायची बंदी आहे. बोलायला बंदी नाही." तिने जाकीट उघडून धरलं आणि त्याचे हात एकेक करून बाह्यांत घातले. "जमेल तेवढं बोल तिच्याशी. सगळं बोल. पण नऊच्या आत घरी येऊ नकोस."