दारावरचा अनीस

"बाबा, आजच्या आज दाराला दुसरं नाव लावा," काटेकाकांच्या मुलीनं फोनवरून फर्मान काढलं. "चोर आधी पाटी वाचतात म्हणे. एकच नाव दिसलं की ओळखतात, म्हातारा एकटा आहे."

"मग येऊ दे की चोर. तेवढंच कुणीतरी येईल," काटेकाका म्हणाले.

मुलीला हा विनोद वाटला. ती हसली आणि तिनं फोन ठेवला. काटेकाका हसले नाहीत, कारण ते विनोद करतच नसत. सारी नोकरी त्यांनी दुकानदारांचे वजनकाटे तपासण्यात घालवली होती. गुंजभर खोट चालवून घेतली नाही, ना काट्यात, ना बोलण्यात. म्हणून तर अख्खी इमारत त्यांना काटेकाका म्हणायची. आता तपासायला काही उरलं नव्हतं. मुलगी दूरच्या शहरात, काकूंना जाऊन बरीच वर्षं झालेली. दारावर काकांच्या पाटीखाली काकूंच्या नावाची पितळी पाटी होती. कुरिअरवाला यायचा तो काकूंचंच नाव वाचून हाक मारायचा, म्हणून एके दिवशी काकांनी ती काढून कपाटात ठेवली. मागे स्क्रूची दोन भोकं राहिली. कुलूप लावताना ती दिसायची आणि काका नजर दुसरीकडे वळवायचे.

घर अगदी खायला उठायचं. बेल वाजली तरी ती शेजाऱ्यांचा पत्ता विचारायला.

पाटीवाल्याचं दुकान बाजारातल्या एका जिन्याखाली होतं. दुकान कसलं, जिन्याच्या पायऱ्यांनी वरून दाबलेलं कपाटच. पाटीवाला काकांच्याच वयाचा. मान आयुष्यभर तिरकी धरून तो छिन्नीनं पितळेत अक्षरं कोरत आलेला, त्यामुळे आता काम नसतानाही मान तिरकीच राहायची.

"जुन्या भोकांत बसेल अशी पाटी हवी," काका म्हणाले.

"नाव?"

घोडं इथंच अडलं. काकांनी ओळखीची सगळी नावं आठवून पाहिली. जिवंत माणसाचं नाव न विचारता लावायचं म्हणजे लबाडी, आणि गेलेल्याचं लावायला हात धजेना. "कुणाचंच नसलेलं एखादं नाव आहे का हो तुमच्याकडे?" असं त्यांनी विचारलं आणि कारणही सांगून टाकलं.

पाटीवाल्यानं तिरक्या मानेनं काकांना नीट पाहून घेतलं. मग खाली वाकून त्यानं अगदी तळाचा खण ओढला. मऊ फडक्यात गुंडाळलेली एक पाटी बाहेर आली. अक्षरं अशी सुबक, की काकांनी नकळत चष्मा पुसला.

"अनीस," पाटीवाला म्हणाला. "अरबी नाव आहे. तिकडे 'उन्स' म्हणजे जिव्हाळा, त्याच्यापासून अनीस. म्हणजे सोबती. पण उगीच रस्त्यात भेटलेला सोबती नव्हे हं. ज्याच्या नुसत्या असण्यानं घर खायला उठत नाही, तो."

"झकास! पण आहे कुणाची?"

"ऑर्डर होती एक. न्यायला कुणी आलं नाही." पाटीवाल्यानं नजर छिन्नीकडे वळवली. "पैसे राहू द्या. बसवायला मीच येतो. फक्त दर आठवड्याला पुसत जा हो. काळी पडू देऊ नका."

पाटी बसली. जुनी भोकं झाकली गेली. काकांना त्या रात्री खरंच बरी झोप लागली.

दुसऱ्या दिवशी सकाळी जिन्यात सेक्रेटरी उभे. हे गृहस्थ असे, की इमारतीत मांजर व्यायली तरी त्यांना सगळ्यांच्या आधी ठाऊक असलं पाहिजे. न सांगता एक अख्खा माणूस राहायला आला, हे त्यांना कसं सोसावं!

"काटेकाका, हा अनीस कोण?"

"सोबतीला आणलाय."

"नात्यातला?"

"छे."

"काय करतो?"

"काही करत नाही."

"मग असतो कुठे?"

"कायम इथंच. दाराशी."

"म्हणजे रिकामटेकडा!"

"म्हणा तसं," काका म्हणाले आणि आत आले. आपण एका अक्षराचंही खोटं बोललो नाही, याचं त्यांना समाधान वाटलं. सेक्रेटरींनी मात्र खाली पोचेपर्यंत एक बेकार तरुण उभा केला होता.

संध्याकाळी बेल वाजली. दारात खालच्या मजल्यावरच्या शिवणवाल्या वहिनी, हातात झाकलेल्या दोन वाट्या.

"तुमच्याकडे पाहुणा आलाय म्हणे. पोरगा बेकार आहे तर पोटाचे हाल नकोत. एक वाटी तुमची, एक त्याची."

"अहो वहिनी, तो काही खात नाही."

"लाजत असेल. राहू द्या, भूक लागली की खाईल."

अन्न टाकायची काकांना सवय नव्हती. त्यांनी आधी आपली वाटी संपवली, मग तासाभरानं अनीसची. दोन्ही घासून पुसून ठेवल्या. सकाळी वहिनी वाट्या न्यायला आल्या, दारातच दोन मिनिटं बोलल्या, मग टेकल्या, मग चहा झाला. काकूंच्या खुर्चीत इतक्या वर्षांत पहिल्यांदाच कुणी बसलं.

आणि हे रोजचंच झालं. काका संध्याकाळी बेलकडे कान लावून बसू लागले. सात वर्षांचं पोरही वाढदिवसाची अशी वाट पाहणार नाही. वहिनी चहा संपवून उठायच्या तेव्हा विचारायच्या, "काही म्हणाला का हो अनीस?" काका 'नाही' म्हणायचे आणि त्या निघून जायच्या. एके दिवशी काकांना वाटलं, आणखी पाचच मिनिटं बसल्या तर काय बिघडतं? आणि त्यांच्या तोंडून निघून गेलं, "कालच्या भाजीत मीठ कमी होतं म्हणाला."

वहिनी पुन्हा खुर्चीत बसल्या. "असं? बघा बाई, आमच्या घरात कुणाच्या लक्षातही आलं नाही!" मग मिठावरून त्या आपल्या सासूवर गेल्या, सासूवरून शिवणयंत्रावर, आणि चांगला अर्धा तास रंगला. त्या गेल्यावर काका अपराध्यासारखे बसून राहिले. जन्मातलं पहिलं खोटं, आणि तेही चिमूटभर मिठासाठी! पण दुसऱ्या दिवशी त्यांनी अनीसला तिखटाबद्दलही बोलायला लावलं.

इकडे सेक्रेटरींची पंचाईत झाली. वहिनी रोज अनीसबद्दल बोलणार आणि आपण त्याला पाहिलेलासुद्धा नाही? एकदा त्यांनी ठोकून दिलं, "परवा भेटला जिन्यात. गप्पाच मारल्या आम्ही."

"उंच आहे ना हो?" वहिनींनी विचारलं. कारण न पाहिल्याचं त्यांनाही कबूल करायचं नव्हतं.

"उंच. पण जरा वाकून चालतो."

"तेच म्हणते मी!"

झालं. अनीसला उंची मिळाली, चाल मिळाली. एकदा का माणसाला पाय फुटले की त्याच्या चपलाही कुठंतरी सापडणारच. जिन्यात अडथळा करणाऱ्या चपला अनीसच्या, दुपारी शीळ घालणारा अनीस, दिवा चालू ठेवणारा अनीस. वर्षानुवर्षं बेवारस पडलेल्या सगळ्या गुन्ह्यांना हक्काचा धनी मिळाला.

मग एका सकाळी इमारतीची टाकी कोरडी ठणठणीत निघाली. गच्चीवरचा नळ रात्रभर चालू राहिला होता. गच्चीची किल्ली असायची सेक्रेटरींकडे, कुंड्याही त्यांच्याच, पाणीही तेच घालायचे. त्यामुळे सेक्रेटरींनी वेळ न दवडता सांगितलं, "अनीसच! वर जाताना मी माझ्या डोळ्यांनी पाहिलाय."

चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच. इथं तर संन्यासीही नव्हता.

बैठक जिन्याच्या मधल्या चौकात भरली. अनीसला घालवा, पाटी काढा, असा सूर होता. काका कोपऱ्यात उभे राहून ऐकत होते. खरं बोललं तर वहिनींची बेल बंद होणार, पुन्हा ते रिकामं घर आणि आपण. न बोललं, तर ज्यानं आयुष्यात एक नळ उघडला नाही त्याच्यावर आळ! खोट्या मापावर काकांनी कधी शिक्का मारला नव्हता. ते पुढे आले.

"अनीस नावाचं कुणी नाही. मी एकटाच राहतो."

सगळ्यात आधी सेक्रेटरी सावरले. "नाही म्हणजे? मी बोललोय त्याच्याशी!"

"मग माझ्या वाट्या कोण खात होतं?" वहिनींनी विचारलं.

"मी."

"दोन्ही?"

"दोन्ही."

"आणि मीठ कमी?"

"तेही मीच," काका मान खाली घालून म्हणाले. "तुम्ही जरा बसावं म्हणून."

वहिनींचा चेहरा क्षणभर बदलला. पण तेवढ्यात कुणीतरी म्हणालं, "पोरावर भलताच जीव दिसतोय काकांचा! बघा, सगळं स्वतःवर घेतायत."

"काका, इतकं पाठीशी घालू नये," सेक्रेटरी कळवळून म्हणाले. "आयुष्यभर खरं बोललात, आणि आता त्या पोरासाठी खोटं बोलायला लागलात? ते काही नाही. रविवारी त्याच्या वडिलांना घेऊन यायला सांगा. नाहीतर पाटी उतरवा."

काका घरी आले. जन्मात पहिल्यांदा खोटं बोलले ते लोकांनी खरं मानलं, आणि खरं बोलले ते खोटं ठरलं. असला काटा त्यांनी कधी पाहिला नव्हता. संध्याकाळी बेल वाजली नाही. काकांनी स्क्रू काढले, पाटी त्याच मऊ फडक्यात गुंडाळली आणि जिन्याखालच्या दुकानात गेले.

"माफ करा. तुमच्या चांगल्या नावाला माझ्या घरी बट्टा लागला," असं म्हणून त्यांनी सगळं सांगितलं. चपला, शीळ, नळ, मीठ.

पाटीवाल्यानं छिन्नी खाली ठेवली होती. मान नेहमीपेक्षा जास्तच तिरकी झाली होती.

"शीळ घालतो?" त्यानं विचारलं. "सुरात?"

"अहो, घालत नाही. लोक म्हणतात."

"आणि उंच आहे म्हणाले?"

"उंच. जरा वाकून चालतो."

"आमच्याकडे सगळे तसेच," पाटीवाला म्हणाला आणि एकदम थांबला. फडक्याची घडी उलगडत, पुन्हा घालत राहिला. "साहेब, त्या दिवशी मी खोटं बोललो. ऑर्डर कुणाची नव्हती, माझीच होती. अनीस माझ्या आजोबांचं नाव. त्यांना ते त्यांच्या आजोबांकडून आलेलं. आजोबा म्हणायचे, आमच्याकडे धन नाही, जमीन नाही, एवढं एक नाव आहे, ते पुढे दे. तारुण्यात हात चांगला बसल्यावर मी पहिली पाटी कोरली ती हीच. म्हटलं, पोरगा झाला की खोलीवर लावू."

"मग?"

"मग काय? बाजारात तुरी! लग्नच जमलं नाही. नाव तयार, मुलगा नाही. इतकी वर्षं खणात एकटाच पडून होता बिचारा. तुम्ही म्हणालात कुणाचंच नसलेलं नाव द्या, तेव्हा वाटलं, जाऊ दे, निदान एखाद्या दारावर तरी राहील." त्यानं पाटीवर अंगठा फिरवला. "नळ खरंच उघडा टाकला का त्यानं?"

"छे हो! तो सेक्रेटरींनी."

"नाही, टाकलाही असता. पोरांचं लक्ष असतं का?"

काकांनी पाटी फडक्यात गुंडाळून त्याच्या हातात दिली आणि म्हटलं, "रविवारी मोकळे आहात का?"

रविवारी पाटीवाला आला. इस्त्रीचा शर्ट, तेल लावून चोपून बसवलेले केस, खिशात स्क्रूड्रायव्हर. तो पाटी बसवत होता, तोच सेक्रेटरी जिना चढून वर आले. मागे वहिनी आणि आणखी चार जण.

"पाटी परत? आणि हे कोण?"

आयुष्यभर वजनं तपासलेल्या काटेकाकांनी एकदा पाटीकडे पाहिलं. मग पाटीवाल्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि ठणठणीत आवाजात सांगितलं, "हे अनीसचे बाबा."

पाटीवाल्याच्या हातातला स्क्रू खाली पडला. कुणीतरी उचलून दिला.

"बरं झालं आलात!" सेक्रेटरींना चेवच चढला. "अहो, मुलाला जरा वळण लावा! जिन्यात चपला, दुपारी शिट्ट्या, दिवे चालू, आणि तो नळ! लक्ष आहे का तुमचं पोराकडे?"

पाटीवाला हात जोडून, मान खाली घालून एकेक तक्रार ऐकत होता. कानांच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. डोळे भरून आले होते, ते लोकांना शरमेनं वाटलं.

"समज देतो साहेब. चुकलंच त्याचं. पहिल्यापासून असाच आहे."

सेक्रेटरी दम घ्यायला थांबले. म्हाताऱ्याला जरा जास्तच बोललो की काय, असं वाटून वहिनी मध्ये पडल्या. "पण गुणी आहे हो तुमचा अनीस. वाटी कधी खरकटी देत नाही. आज संध्याकाळी तीन वाट्या आणते, तुम्हीही थांबा." आणि काकांकडे बघून हळूच म्हणाल्या, "मीठ मी इथंच बसून विचारीन."

पाटीवाल्यानं बाहीनं डोळे पुसले आणि सेक्रेटरींच्या आणखी जवळ सरकला.

"आणखी काही असेल तर सांगा ना," तो म्हणाला. "घाई नाही मला. सगळं सांगा."