भिंतभर पोलादी मांडणी

आधुनिक कलावंत कितीही गूढ असू दे, मावशीने फोन केला की तो कांद्यासारखा उलगडलाच! असं निदान मावशी तरी सांगायची. रविवारच्या पुरवणीत चित्रकार-शिल्पकारांवर लिहिणारी ती एकटीच. लोकांना जिथे सांडलेली शाई दिसायची, तिथे मावशीला माणसाचा एकटेपणा दिसायचा, आणि तोही अर्धं पान भरून!

मग ऑफिसात सोनचष्मा आला. सोनेरी काड्यांचा चष्मा, लोण्यासारखा आवाज. मावशीला फोनवर ताटकळत ठेवणारे कलावंत त्याला चक्क घरी चहाला बोलवायचे! मावशीचा नुसता जळून कोळसा व्हायचा.

त्यात संपादक म्हणाले, "आपल्या गावातला तो नामवंत शिल्पकार कित्येक वर्षं कुणाला भेटला नाही. जो आधी लेख आणेल, त्याला पहिलं पान!"

"मी रविवारी जातोय त्याच्याकडे," सोनचष्मा गोड हसला.

रविवार? मावशीने घरी येऊन पर्ससुद्धा न ठेवता शिल्पकाराला फोन लावला. उचलला त्याच्या आईने.

"गॅसवाली का? तो झोपलाय. मला विचार काय ते."

"काकू, सध्या नवीन काय चाललंय?"

"नवीन? अगं, मांडणी! कालच भिंतीला लागली."

मावशीच्या अंगावर काटा आला. "केवढी आहे?"

"भिंतभर! सगळी स्टीलची."

"आणि... तिच्यामागचा विचार?"

"विचार कसला! इतके दिवस सगळं जमिनीवर पसरलेलं. आता एकेकाला हक्काची जागा मिळाली."

"अहाहा! आणि वरचा भाग?"

"तो रिकामाच. तिथे माझा हात पोचत नाही गं."

मावशीच्या डोळ्यांत पाणीच आलं. फोन ठेवून ती लिहायला बसली. 'हात न पोचणारं ते रितेपण म्हणजेच आपण!'

काका ताटं पुसता पुसता म्हणाले, "अगं, मांडणी म्हणजे ही आपली भांड्यांची तर नसेल?"

"तुम्ही गप्प बसा हो! त्याला मांडणशिल्प म्हणतात. नुसतं मांडणी म्हणणं हा त्यांचा विनय!"

"बरं बाई," म्हणत काकांनी विनयावर ताट उभं केलं.

शुक्रवारी लेख संपादकांच्या टेबलावर, रविवारी पहिल्या पानावर! मावशी सकाळपासून सोनचष्म्याचा पडलेला चेहरा डोळ्यांपुढे आणून खुदुखुदु हसत होती. तेवढ्यात फोन वाजला.

"बाई, मी शिल्पकार बोलतोय!" पलीकडून गर्जना झाली. "मी छिन्नीला हात लावून वर्षं झाली! ती आमच्या आईची भांड्यांची मांडणी आहे! दारात ही रांग लागलीये! लोक आमच्या झाऱ्यासमोर उभं राहून उसासे टाकतायत!"

मावशीने हातातला पेपर घडी करून पाठीमागे लपवला. "मग... तुम्ही आता सगळ्यांना हाकलणार?"

"मी हाकलतोय, पण आई एकेकाला आत घेतेय ना! आणि तो तुमचा चष्मेवाला सकाळपासून तिच्यासमोर मांडी ठोकून बसलाय. हातातली वही सोडत नाही!"

पुढच्या रविवारी पहिल्या पानावर काकूंचा हसरा फोटो, हातात झारा. वर ठळक अक्षरांत 'मांडणीतली माउली', खाली सोनचष्म्याचं नाव! संपादकांनी त्याला अगदी डोक्यावर घेतलं.

मावशीने दात-ओठ खात लेख शेवटपर्यंत वाचला. शेवटी काकू म्हणाल्या होत्या, "माझी कला पहिल्यांदा एका बाईने ओळखली हो, फोनवरच. फार हुशार वाटली. गॅसवाली होती बहुतेक."